सोडून आलेल्या घराची मुद्राचित्रमालिका कशी करावी: झरीना यांच्या कामाच्या आधारे

ज्यांचे लहानपणीचे घर विकले गेले, पुनर्विकासात पाडले गेले, धरणाच्या पाण्याखाली गेले किंवा आता दुसऱ्याच देशात आहे, आणि ज्यांना त्या घराविषयी चित्रांतून काही करावेसे वाटते, त्यांच्यासाठी हे मार्गदर्शन आहे. त्यासाठी कलाशाळेत शिकलेले असण्याची गरज नाही, मात्र लाकडावर किंवा लिनोलियम या मऊ पत्र्यावर कोरीव काम करण्याची तयारी हवी आणि एका आकृतीवर अनेक आठवडे टिकून राहण्याची चिकाटी हवी. या सबंध मार्गदर्शनात मी एकाच चित्रकर्तीचे काम समोर ठेवले आहे, कारण स्मृती, ओळख आणि आपलेपणा या तीन प्रश्नांना इतक्या काटकसरीने आणि इतक्या अचूकपणे भिडलेले दुसरे काम मला ठाऊक नाही.

झरीना रशीद यांचा जन्म १९३७ मध्ये अलीगढला झाला. त्यांचे वडील अलीगढ मुस्लिम विद्यापीठात इतिहासाचे प्राध्यापक होते आणि झरीना यांनी त्याच विद्यापीठातून १९५८ मध्ये गणिताची पदवी घेतली. फाळणीच्या वेळी त्या दहा वर्षांच्या होत्या. कुटुंब तेव्हा अलीगढलाच राहिले, परंतु १९५० च्या दशकाच्या अखेरीस आई, वडील आणि बहीण राणी कराचीला गेले. झरीना यांचा विवाह भारतीय परराष्ट्र सेवेतील अधिकाऱ्याशी झाला होता, त्यामुळे त्यांचा प्रवास वेगळ्या दिशेने सुरू झाला. बँकॉकमध्ये त्या लाकडी ठशाच्या छपाईकडे वळल्या, १९६० च्या दशकात पॅरिसला स्टॅन्ली विल्यम हेटर यांच्या 'आतेलिए १७' या कार्यशाळेत शिकल्या आणि १९७४ मध्ये टोकियोला तोशी योशिदा यांच्याकडे जपानी पद्धतीची लाकडी छपाई शिकल्या. १९७० च्या दशकाच्या उत्तरार्धात त्या न्यू यॉर्कला स्थायिक झाल्या. पुढे त्यांनी आडनाव सोडले आणि केवळ 'झरीना' या नावाने काम केले. २५ एप्रिल २०२० रोजी लंडनमध्ये त्यांचे निधन झाले. त्यांच्या कामात माणसांच्या आकृत्या जवळजवळ नाहीत, रंग फार थोडे आहेत आणि रडवेला सूर तर कोठेही नाही. घराचे आराखडे, रस्ते, सीमा, शहरांचे नकाशे आणि त्यांखाली उर्दूतील एखादा शब्द, एवढ्याच सामग्रीवर त्यांनी जन्मभर काम केले.

आपण हाती घेणार आहोत ती मालिका १२ मुद्राचित्रांची, म्हणजे कोरलेल्या ठशावर शाई लावून कागदावर छापलेल्या चित्रांची असेल. झरीना यांच्या १९९९ च्या 'होम इज अ फॉरेन प्लेस' या प्रसिद्ध संचात ३६ मुद्राचित्रे आहेत. तेवढी करण्यासाठी हात फार सरावलेला लागतो, म्हणून पहिल्या प्रयत्नाला १२ पुरेशी आहेत.

आराखडा आधी, भावना नंतर

घराविषयी चित्र काढायचे म्हटले की बहुतेक जण दर्शनी बाजू काढतात: कौलारू छप्पर, समोर झाड, ओट्यावर बसलेली आजी. असे चित्र लगेच गोड होते, आणि ते कोणाच्याही घराचे असू शकते. म्हणून दर्शनी बाजू बाजूला ठेवावी आणि घर वरून पाहावे. झरीना यांनी गणिताबरोबर वास्तुरचनेचीही आवड जोपासली होती, आणि दिल्लीत असताना त्या ग्लायडिंग शिकल्या होत्या. त्यांच्या चित्रांतील घर बहुधा आकाशातून पाहिल्यासारखे असते, भिंतींच्या रेषांपुरते उरलेले. १९९४ च्या 'फादर्स हाउस' या चित्रात अलीगढच्या घराचा असाच आराखडा आहे. १९९७ च्या 'होम्स आय मेड' या संचात बँकॉक, दिल्ली, पॅरिस, बॉन, टोकियो, न्यू यॉर्क अशा ठिकाणच्या त्यांच्या राहत्या घरांचे आराखडे एकामागोमाग येतात. त्या जागांमध्ये काय घडले हे कोठेही सांगितलेले नाही, तरीही एवढ्या वेळा भिंती बदलल्या ही गोष्ट पाहणाऱ्याच्या मनावर ठसते.

आराखडा काढण्यासाठी चौकटींचा कागद घ्यावा, शांत जागी बसावे आणि डोळे मिटून फाटकापासून किंवा जिन्याच्या पहिल्या पायरीपासून मनातल्या मनात चालायला लागावे. दारातून आत गेल्यावर डावीकडे काय होते, किती पावलांवर भिंत येत होती, माजघरातून स्वयंपाकघरात जाताना पायरी चढायची की उतरायची, दार आत उघडत होते की बाहेर, हे सगळे शरीराला विचारावे. शरीर ते बहुधा सांगते, कारण अंधारात पाणी प्यायला उठताना या गोष्टी पायांनी पाठ केलेल्या असतात. आठ-नऊ वर्षांच्या मुलाचे पाऊल साधारण अर्धा मीटर असते. ते पाऊल हेच एकक मानून एका पावलाला ५ मिलिमीटर असे प्रमाण ठेवले, तर आराखडा सुमारे एकास शंभर या प्रमाणात येतो आणि ३० पावलांचे घर कागदावर १५ सेंटिमीटरमध्ये मावते.

या टप्प्यावर एक पथ्य कटाक्षाने पाळावे. जुने छायाचित्र काढून पाहू नये, भावंडांना फोन करू नये, उपग्रहावरून घेतलेला नकाशा उघडू नये. बाहेरचा पुरावा एकदा समोर आला की स्मृती गप्प बसते आणि पुराव्याच्या मागून चालू लागते. लहानपणी प्रचंड वाटलेले अंगण आराखड्यात घराच्या दुप्पट आले तर ते तसेच राहू द्यावे. घराची लांबी-रुंदी भूमापनाच्या कार्यालयातही मिळेल, पण त्या घरात वाढलेल्या मुलाला अंगण केवढे वाटत होते हे फक्त तुम्हीच सांगू शकता.

ज्या भिंती नक्की आठवतात त्या ठळक काढाव्यात, ज्यांबद्दल शंका आहे त्या तुटक रेषेने काढाव्यात, आणि ज्या जागा अजिबात आठवत नाहीत त्या कोऱ्या सोडाव्यात. माझ्या मते या कोऱ्या जागा आराखड्याचा सर्वांत मौल्यवान भाग असतात. घरातल्या मुलांना जाण्याची मुभा नसलेली खोली, बाहेरच्या माणसांची बैठक, ज्या भाडेकरूशी बोलणे बंद होते त्याचे बिऱ्हाड, अशा जागा बहुधा कोऱ्या निघतात. त्या अंदाजाने भरून काढण्याचा मोह टाळावा, कारण ठसा कोरताना याच जागी रेषा उघडी सोडायची आहे.

शब्दांची यादी

'होम इज अ फॉरेन प्लेस' या संचाची सुरुवात शब्दांच्या यादीने झाली होती. झरीना यांनी आपल्या मातृभाषेतील शब्दांची यादी केली, ती पाकिस्तानातील एका सुलेखनकाराकडून नस्तालिक या उर्दूच्या वळणदार लेखनशैलीत लिहवून घेतली आणि मग एकेका शब्दासाठी एकेक आकृती कोरली. घर, उंबरठा, दार अशा शब्दांपासून अंतर, भाषा, सरहद्द अशा शब्दांपर्यंत हा संच जातो. त्या काळात न्यू यॉर्कमधील आपली राहती जागा सुटण्याची टांगती तलवार त्यांच्यावर होती, ही गोष्ट लक्षात ठेवली की या संचाला अलीगढइतकाच न्यू यॉर्कचाही आधार आहे हे कळते. मागे राहिलेल्या घराचा प्रश्न हा नेहमीच आज जेथे राहतो त्या घराचाही प्रश्न असतो.

आपण ५० शब्द लिहावेत आणि त्यांतून १२ निवडावेत. पहिल्या फेरीत केवळ घरात प्रत्यक्ष बोलले जाणारे शब्द घ्यावेत. कोकणातले घर असेल तर ओटी, पडवी, खळे, न्हाणी, आगर, पाणंद असे शब्द येतील. गिरणगावातील चाळ असेल तर जिना, गॅलरी, मोरी, पोटमाळा, सामायिक नळ येतील. देशावरचा वाडा असेल तर सोपा, माजघर, देवळी, परसदार, बळद येतील. घरात मराठीखेरीज दुसरी भाषा किंवा बोली चालत असेल, तर तिच्यातले शब्दही यादीत हवेत, आणि ते जसे उच्चारले जात तसेच लिहावेत. प्रमाण भाषेत त्यांचे शुद्धीकरण केले, तर ज्या घराचा शोध घ्यायचा आहे त्याच घराला आपण शाळेतून परत पाठवल्यासारखे होते.

आठवण, मुळे, नाते, माती असे शब्द पहिल्या फेरीत घेऊ नयेत. ते खोटे नसतात, पण त्यांच्यासाठी सुचणारी आकृती जवळजवळ नेहमी उसनी असते. झरीना यांच्या संचातही अमूर्त शब्द आहेत, परंतु भिंती, दारे आणि दिवसाचे प्रहर यांच्या संगतीत येत असल्यामुळे त्यांना वजन येते. म्हणून १२ पैकी आठ-नऊ शब्द वस्तूंचे आणि जागांचे ठेवून उरलेले तीन-चार अमूर्त ठेवावेत. 'अंतर' या शब्दासाठी जुने घर आणि आताचे घर हे दोन्ही आराखडे एकाच प्रमाणात अगदी लहान करून कागदाच्या दोन कडांना ठेवता येतील आणि मधली जागा मोकळी सोडता येईल. 'दुपार' या शब्दासाठी खिडकीतून जमिनीवर पडणारा उन्हाचा तिरका चौकोन पुरेसा आहे. प्रत्येक शब्दाला एकच आकृती द्यावी आणि ती आकृती मोजक्या रेषांत उतरते का हे पाहावे. जी आकृती समजावून सांगण्यासाठी तपशील वाढवावे लागतात, ती अजून सापडलेली नाही असे समजावे.

येथे ओळखीचा प्रश्न येतो आणि तो टाळता येत नाही. परदेशात राहणाऱ्या मराठी माणसाने आपल्या घराविषयी चित्रे केली की पैठणीचा मोर, वारली आकृत्या, तुळशीवृंदावन, नथ या गोष्टी आपोआप येऊन बसतात, कारण पाहणारे त्यांना लगेच ओळखतात. तुमच्या घरात वृंदावन होते आणि तुम्ही त्याला रोज पाणी घालत होता, तर ते अवश्य काढावे. नव्हते, तर ते केवळ मराठीपणाची पाटी म्हणून काढू नये. कोणत्या पाटीखाली उभे राहायचे हा प्रश्न झरीना यांच्याही वाट्याला आला होता. न्यू यॉर्कमध्ये त्या स्त्रीवादी कलाचळवळीत सक्रिय होत्या आणि त्या चळवळीत गोऱ्या नसलेल्या स्त्रियांना किती जागा आहे हा प्रश्नही त्या विचारत होत्या. १९८० मध्ये अॅना मेंडिएटा या क्यूबाहून आलेल्या कलावतीबरोबर त्यांनी स्त्री कलावंतांनी चालवलेल्या ए.आय.आर. गॅलरीत 'डायलेक्टिक्स ऑफ आयसोलेशन' हे प्रदर्शन गुंफले, त्यामागे हाच प्रश्न होता. व्हेनिस बिएनाले या दर दोन वर्षांनी भरणाऱ्या आंतरराष्ट्रीय कलाप्रदर्शनात २०११ मध्ये मुंबईचे कवी आणि कलासमीक्षक रणजित होस्कोटे यांनी भारताच्या दालनासाठी जे कलावंत निवडले त्यांत झरीना होत्या, म्हणजे कित्येक दशके न्यू यॉर्कमध्ये राहिलेली एक कलावती भारताच्या वतीने तेथे उभी होती. ती निवड मला फार रास्त वाटते. आपली चित्रे कोणत्या देशाची किंवा समाजाची हे ठसा कोरण्याआधी ठरवून घेण्याची गरज नाही, आणि तसे ठरवले तर हात आखडतो असाच अनुभव येतो.

ठसा कोरणे

साहित्य फार लागत नाही. नवशिक्यांसाठी लिनोलियम सोपे पडते, कारण त्याला लाकडासारखी रेषांची दिशा नसते. मात्र घराविषयीच्या कामाला लाकूड अधिक शोभते, कारण लाकडाचे रेषे छपाईत उमटतात आणि कोऱ्या पृष्ठभागालाही पोत येतो. ४ ते ६ मिलिमीटर जाडीचे, वरचा थर गुळगुळीत आणि गाठी नसलेला, असे प्लायवुड घ्यावे आणि त्याचे साधारण २० बाय १५ सेंटिमीटरचे १२ तुकडे करून घ्यावेत. कोरण्यासाठी एक धारदार चाकू, व्ही आकाराच्या तोंडाची एक आणि गोल तोंडाच्या दोन कोरण्या पुरेत. याखेरीज रबरी रोलर, शाई पसरण्यासाठी जाड काच, ठशाच्या छपाईची तैलशाई आणि धार लावण्याचा दगड लागतो. लाकूड टेबलाला शिकंजाने घट्ट बांधावे आणि मोकळा हात नेहमी हत्याराच्या मागे ठेवावा. बोथट कोरणी घसरते आणि हातात शिरते, म्हणून धार वारंवार लावावी.

छपाईत डावे-उजवे उलटे होते, हे आराखड्याच्या बाबतीत विशेष लक्षात ठेवावे, नाहीतर ओटीच्या उजवीकडचे देवघर डावीकडे जाईल. आकृती आणि शब्द पारदर्शक कागदावर काढून तो कागद उलटा करावा आणि कार्बन कागदाने लाकडावर उतरवावा. शब्दासाठी छापील अक्षरवळण वापरू नये. घरातल्या कोणाचे हस्ताक्षर मिळाले, म्हणजे किराण्याची यादी, वहीवरचे नाव, पत्राचा मायना, तर त्यातून अक्षरे जुळवून घ्यावीत. देवनागरीची शिरोरेषा एका दमात, चाकूने दोन्ही कडा आधी रेखून मग कोरावी. मोडक्या शिरोरेषेमुळे शब्द वाचणे अवघड होते.

आता या साऱ्या प्रक्रियेतील सर्वांत महत्त्वाचा निर्णय. ठशाच्या छपाईत जो भाग कोरून काढला तो पांढरा राहतो आणि जो शिल्लक राहिला तो शाई घेतो. म्हणजे काळी रेषा हवी असेल तर रेषेला हात न लावता तिच्या भोवतालचे सगळे लाकूड काढून टाकावे लागते, आणि रेषाच कोरली तर ती काळ्या पृष्ठभागात पांढरी दिसते. झरीना यांच्या २००१ च्या 'डिव्हायडिंग लाइन' या चित्रात भारत आणि पाकिस्तान यांच्यामधील सीमेची वेडीवाकडी काळी रेषा कागदभर उतरते. ती रेषा काढायला आपल्याला नकाशा पाहावा लागला नाही, कारण ती काळजावरच कोरलेली आहे, अशा आशयाचे त्या सांगत. परंतु ती रेषा तंत्राच्या दृष्टीने कशी झाली हे पाहिले की चित्र अधिक खोल जाते: ती उभी राहावी म्हणून तिच्या दोन्ही बाजूंची जमीन खरवडून काढावी लागली, आणि त्या खरवडण्याचे ओरखडे छपाईत दोन्ही बाजूंना दिसतात. फाळणीची सीमा आखणारे ब्रिटिश वकील रॅडक्लिफ यांची रेषा १९४७ मध्ये प्रत्यक्षातही तशीच उभी राहिली. येथे तंत्र आणि विषय वेगळे काढता येत नाहीत.

म्हणून प्रत्येक ठशाआधी स्वतःला विचारावे की या आकृतीत काय उरले आहे आणि काय गेले आहे. आठवणीत भिंती पक्क्या आहेत पण भोवतालचे गाव पुसले गेले आहे, तर भिंती राखाव्यात आणि बाकीचे कोरून काढावे. उलट रात्र, शेजार आणि आवाज आठवतात पण खोलीची कड सापडत नाही, तर सारे काळे ठेवून एकच बारीक पांढरी रेषा कोरावी. कोरून काढलेल्या भागात जे उंचवटे राहतात ते शाई धरतात आणि छपाईत बारीक काळ्या रेघांसारखे दिसतात. शिक्षक ते साफ करायला सांगतात. या विषयात मी ते थोडे ठेवावेत असे सुचवीन, मात्र ते हाताच्या आळसातून राहिलेले नसावेत. प्रत्येक चार-पाच ओरखड्यांनंतर ठशावर कागद ठेवून त्यावर पेन्सिलीचे शिसे किंवा कोळसा घासून कच्चा छाप पाहावा, कारण लाकूड एकदा काढले की परत लावता येत नाही.

कागद आणि छपाई

झरीना कागदाला त्वचेसारखा मानत. २०१२ मध्ये लॉस एंजेलिसच्या हॅमर संग्रहालयात सुरू झालेल्या आणि पुढे न्यू यॉर्कच्या गुगेनहाइम संग्रहालयात गेलेल्या त्यांच्या सिंहावलोकनी प्रदर्शनाचे नावही 'पेपर लाइक स्किन' असेच होते. कागदाच्या लगद्यापासून त्यांनी शिल्पेही केली. झरीना पातळ, लांब तंतूंच्या हातकागदावर छापत आणि तो जाड कागदावर चिकटवत. जपानी कोझो किंवा नेपाळी लोक्ता कागद यासाठी उत्तम. महाराष्ट्रात राहणाऱ्यांना पुण्याच्या शिवाजीनगरमधील हातकागद संस्थेत चांगला कागद पाहून, हाताळून घेता येतो. पातळ कागदाचा फायदा असा की प्रेस नसतानाही हाताने छापता येते.

काचेवर शाईचा अगदी पातळ थर पसरावा, रोलर फिरवताना बारीक चरचर ऐकू आली की शाई योग्य झाली असे समजावे, आणि ठशावर एकच जाड थर देण्याऐवजी तीन-चार पातळ थर द्यावेत. कागद वर ठेवून स्टीलच्या किंवा लाकडी चमच्याच्या पाठीने मध्यापासून कडांकडे गोलाकार घासावे. एक कोपरा उचलून छाप पाहावा, फिकट वाटल्यास कागद न हलवता तेवढा भाग पुन्हा घासावा. तैलशाई सुकायला काही दिवस लागतात आणि पावसाळ्यात त्याहून बरेच अधिक. घाई करून थप्पी लावली की सगळे छाप डागाळतात. सुकलेला पातळ कागद जाड पांढऱ्या कागदावर गव्हाच्या पिठाच्या ताज्या, गाळलेल्या पातळ खळीने चिकटवावा आणि शोषकागदांमध्ये घालून वजनाखाली दाबून ठेवावा. भोवती बरीच जागा मोकळी सोडावी, कारण त्या मोकळ्या जागेमुळेच लहान आकृतीकडे पाहणारा जवळ येतो.

रंग काळाच ठेवावा. पिवळट कागद, काळी शाई आणि पांढरा समास एवढ्या गोष्टी १२ चित्रांना एकत्र बांधून ठेवायला पुरतात.

पत्रे असतील तर

झरीना यांची बहीण राणी कराचीला होती. आईवडिलांचे आजारपण, मृत्यू, घर विकणे, मुले दूर जाणे याविषयी तिने झरीना यांना उर्दूत पत्रे लिहिली होती, पण ती टपालात टाकली नव्हती. पुढे ती त्यांच्या हाती आली आणि २००४ मध्ये त्यांतून 'लेटर्स फ्रॉम होम' हा आठ मुद्राचित्रांचा संच झाला. पत्रांचे हस्ताक्षर धातूच्या ठशांवर उतरवून छापले आहे आणि त्यावर घराचे आराखडे, नकाशे अशा आकृत्या छापल्या आहेत. काही ठिकाणी मजकूर आकृतीखाली झाकला जातो, त्यामुळे पत्र असल्याचे दिसते, पण ते पूर्ण हाती लागत नाही.

घरात जुनी आंतरदेशीय पत्रे, पोस्टकार्डे असतील तर हीच रीत घरीही जमते. पत्राच्या छायाचित्रावरून अक्षरे उलटी करून लिनोलियमवर उतरवावीत, आधी ती फिकट करड्या शाईत छापावीत, आणि ती सुकल्यावर आराखड्याचा ठसा काळ्या शाईत वर छापावा. दोन्ही ठसे नेमके एकावर एक यावेत यासाठी टेबलावर कागदाच्या दोन कोपऱ्यांच्या खुणा आणि ठशाची चौकट कायम आखून ठेवावी. पत्र लिहिणारी व्यक्ती हयात असेल तर तिला विचारल्याशिवाय हे करू नये. हयात नसेल, तर ज्यांच्याविषयी लिहिले आहे त्यांना विचारावे, आणि नकार आला तर तो मान्य करून ती ओळ आकृतीखाली पूर्ण झाकावी किंवा दुसरे पत्र घ्यावे.

दुसऱ्यांच्या घरांकडे

स्वतःच्या घरावर काम करताना काही जणांना दुसऱ्यांची उद्ध्वस्त घरे दिसू लागतात. झरीना यांनाही ती दिसली. २००३ च्या 'दीज सिटीज ब्लॉटेड इनटू द वाइल्डरनेस' या संचात सारायेव्हो, बैरूत, बगदाद, काबूल अशा युद्धाने आणि हिंसेने पोळलेल्या शहरांबरोबर अहमदाबाद आणि न्यू यॉर्कही आहेत. न्यू यॉर्कसाठी तेथे काळ्या पार्श्वभूमीवर केवळ दोन उभ्या रेषा आहेत.

या कामात नियम उलटा होतो. स्वतःच्या घरासाठी नकाशा दूर ठेवायचा होता, परंतु दुसऱ्यांच्या गावासाठी तो अचूक हवा. ३० सप्टेंबर १९९३ च्या किल्लारी भूकंपात उद्ध्वस्त झालेल्या आणि नंतर दुसऱ्या जागी वसवलेल्या एखाद्या गावाचे चित्र करायचे असेल, तर भूमी अभिलेख खात्याचा जुना गावनकाशा मिळवावा आणि तेथे राहिलेल्या माणसांसोबत बसून कोणती गल्ली कोठे होती याची खात्री करावी. जे आपण सोसलेले नाही तेथे कल्पनेने रेषा ओढण्याचा अधिकार आपल्याला नाही, असे माझे स्पष्ट मत आहे.

संच पूर्ण करणे

बाराही ठशांच्या सारख्याच प्रती काढाव्यात, आणि घरच्या कामासाठी आठ-दहा प्रती पुरेशा आहेत. प्रत्येक छापाखाली पेन्सिलने डावीकडे क्रमांक, जसे ३/१०, मध्ये शब्द आणि उजवीकडे सही व वर्ष लिहावे. शाईने सही करू नये. चित्रांचा क्रम ठरवताना बाहेरून आत यावे, आतून बाहेर जावे की दिवसाच्या प्रहरांप्रमाणे जावे, हे सगळी चित्रे जमिनीवर मांडून आणि त्यांची जागा पुन्हा पुन्हा बदलून पाहावे. प्रत्यक्ष तुलनेसाठी न्यू यॉर्कच्या म्युझियम ऑफ मॉडर्न आर्टच्या संकेतस्थळावर 'होम इज अ फॉरेन प्लेस' पाहता येतो. तेथे शेजारशेजारच्या चित्रांत काळ्याचे आणि पांढऱ्याचे प्रमाण कसे बदलत जाते याकडे लक्ष द्यावे.

एक संच त्या घरात तुमच्याबरोबर राहिलेल्या व्यक्तीला द्यावा, आणि आता, सगळे छापून झाल्यावर, तिला आराखड्यातील चुका विचाराव्यात. दार दुसऱ्या भिंतीत होते, विहीर एवढी जवळ नव्हती, ती खोली नंतर बांधली, असे बरेच निघेल. त्या दुरुस्त्या ठशात करू नयेत. सांगणाऱ्याच्याच हस्ताक्षरात त्या वेगळ्या कागदावर लिहून घ्याव्यात, खाली नाव आणि तारीख टाकावी, आणि तो कागद तेरावे पान म्हणून संचाच्या पेटीत, चित्रांच्या मध्ये आम्लरहित पातळ कागद घालून, सर्वांत खाली ठेवावा.